‘जड उचलू नये’ या ओळीस खुलं पत्र

प्रति,
सन्माननीय ‘जड उचलू नये’ यांस,
मुक्काम : डिस्चार्ज कार्डाचा तळ.

विषय : आपण जव्हार-मोखाड्यात एकट्याच येता, त्याबाबत.

महोदया,


आपला संचार सर्वत्र आहे. हर्निया असो, सिझेरियन असो की आतड्याचं ऑपरेशन, जिथे टाके तिथे आपण हजर. तीन शब्द, खाली सही, की डॉक्टर मोकळे आणि कॉटही मोकळी. माझ्या मावशीच्या कार्डावर बाकी सगळा मजकूर इंग्रजीत होता, मराठीत तेवढ्या आपणच. म्हणजे मोखाडा तालुक्यातल्या पाड्यावरच्या बाईशी बोलायला अख्ख्या रुग्णालयाने आपल्यालाच नेमलं होतं. मावशीला वाचता येत नाही ही किरकोळ बाब सोडून देऊ.

मावशीच्या मोठ्या आतड्यात अडथळा झाला होता. शहरातल्या रुग्णालयात रातोरात पोट उघडलं, आतड्याचा एक वळसा पोटाच्या भिंतीतून बाहेर आणून तिथेच त्याला तोंड करून दिलं. हा स्टोमा. शौच आता पोटावरच्या पिशवीत. जीव वाचला, त्याबद्दल कुणाशी भांडण नाही. भांडण आपल्याशी आहे.

आपण कधी एप्रिल-मेमध्ये मोखाड्यात आला आहात का? पावसाळ्यात इथे आभाळ फाटतं आणि होळी उलटली की विहिरी तळ दाखवतात. मग बायका विहिरीतून पोहऱ्याने पाणी शेंदतात, 15 लिटरचा हंडा भरतात, चुंबळीवर चढवतात, त्यावर दुसरा ठेवतात आणि चढ चढतात. 15 लिटर पाणी म्हणजे 15 किलो, हंड्याचं वजन वेगळं. हे झालं घरकाम. त्यानंतर लाकडाची मोळी, पावसाळ्यात आवणी, दिवाळीनंतर भिवंडी-वसईकडच्या वीटभट्ट्या. तिथे तर मजुरीच जड उचलण्याची मिळते. आणि हो, याच मोखाडा तालुक्यात कोचाळ्याला मध्य वैतरणा धरण आहे, शंभर मीटर उंच. त्याचं पाणी मुंबईला जातं. आपली आज्ञा तंतोतंत पाळणारे लोक हवे असतील तर ते तिकडे मिळतील. त्यांच्या वाटचं पाणी पाइप उचलतो.

तर अशाच एका उन्हाळ्यात मावशीने हंडा काखेला घेतला आणि लुगड्याखाली काहीतरी ओलं, जड लोंबतंय असं तिला वाटलं. घरी येऊन बघते तर एरवी बोटाच्या पेराएवढा दिसणारा लाल गोळा वीतभर लांब झालेला, पिशवीत मावेना. दुखत मात्र काहीच नव्हतं, आणि त्याचीच तिला जास्त धास्ती बसली. पाड्यावर बोभाटा झाला, “हिचं आतडं पडलं!” भगताला निरोप गेला, जीपवाल्यालाही गेला. जीप आधी पोचली.

रुग्णालयात एका सिस्टरने पिशवी काढून आधी रंग पाहिला. मावशीला उताणं झोपवलं, गुडघे दुमडायला लावले आणि चहाची साखर मागवली. फुगून चकाकणाऱ्या त्या आतड्यावर तिने मुठीने साखर पसरली. बघता बघता साखर विरघळून खालच्या ट्रेमध्ये पाणी टपकू लागलं, गोळा सुरकुतत मऊ पडला. मग धुऊन, ग्लोव्हज घातलेल्या हाताने टोकाकडून हलका, सलग दाब देत तिने तो आत सरकवला. “एवढी साखर वाया?” हा मावशीचा पहिला प्रश्न. वाया नाही. साखर सुजेतलं पाणी ओढून घेते. 1991 मध्येच अमेरिकेतल्या शल्यचिकित्सकांनी हा उपाय वैद्यकीय नियतकालिकात छापला आहे. आपल्याला मात्र तो कार्डावर शेजारी नको होता.

एवढ्यात डॉक्टर आले आणि त्यांनी आपलंच नाव घेतलं, “जड उचललं होतं ना?”

तिथे मला आपलं खरं काम कळलं, महोदया. आपण सल्ला नाहीच. आपण पावती आहात. उद्या काही बिघडलं तर दोष पेशंटचा, याची आगाऊ फाडलेली पावती.

उचललं, कबूल. पण सहआरोपींची नावंही नोंदवून घ्या. सदऱ्याची बाही उलटून बाहेर यावी तसं आतडं स्टोमातून उलटतं, त्याला प्रोलॅप्स म्हणतात. आडव्या आतड्याचा वळसा काढून केलेल्या स्टोमाला तो सगळ्यात जास्त होतो. तातडीच्या ऑपरेशनमध्ये आतडं फुगलेलं असतं, म्हणून भोक मोठं ठेवावं लागतं. फुगा उतरतो, भोक तेवढंच राहतं. शिवाय बाळंतपणांनी सैल पडलेलं पोट, चुलीच्या धुराचा खोकला, शौचाला कुंथणं. लहान बाळांना स्टोमा असतो तेव्हा रडण्यानेही आतडं बाहेर येतं. बाळाच्या कार्डावर ‘रडू नये’ लिहीत नाहीत, एवढा आपला विवेक.

आता आपल्या शेजारी काय असायला हवं होतं ते सांगते. पहिली ओळ रंगाची : ओठाच्या आतल्या भागासारखा लाल-गुलाबी, ओलसर असेल तर घाबरू नका. आडवं पडा, अर्धा तास सैल राहा, बऱ्याचदा ते आपणहून आत जातं. कापडात गुंडाळलेला गार शेक थोडा वेळ चालतो, बर्फ थेट लावायचा नाही. आत ढकलणं आणि साखर हे सिस्टरने शिकवल्याशिवाय घरी करायचं नाही.

दुसरी ओळ धोक्याची : जांभळा, काळा किंवा पांढराफटक पडला, पोट दुखायला लागलं, उलट्या झाल्या, रक्त थांबेना, पिशवीत शौच नाही की वारा नाही, तर साखर नाही, भगत नाही, सकाळची वाट बघणं नाही. तडक रुग्णालय. आतड्याचा रक्तपुरवठा तुटला तर हातात तासच असतात.

तिसरी ओळ पिशवीची : सकाळी अंथरुणातून उठण्याआधी, आतडं आत असताना लावायची. भोक, आतडं सगळ्यात मोठं होतं त्या मापाने कापायचं, कडेला बारीक चिरा द्यायच्या. कडक चकतीची नको, मऊ एकसंध घ्यायची, नाहीतर कड आतड्याला कापते. वरून आधाराचा पट्टा.

चौथी ओळ आपलीच, पण जरा माणसात आलेली : पहिले 6 ते 8 आठवडे हंडा दुसऱ्याने भरायचा, आणि हे घरातल्या पुरुषाला समोर बसवून सांगायचं. पुढेही हंड्याऐवजी छोटा डबा, दोन खेपा जास्त. उचलताना श्वास कोंडायचा नाही, सोडायचा. खोकताना स्टोमावर हात धरायचा.

आणि पाचवी, जी कुणीच लिहिली नाही : हा स्टोमा तात्पुरता आहे, तो बंद करायला अमुक तारखेला या. प्रोलॅप्सवर कायमचा इलाज ऑपरेशनच, आणि मावशीसारख्या पेशंटसाठी स्टोमा बंद करणं हाच तो इलाज. आतडं जोडायची वेळ झाली हे मावशीला कळलं ते आतडं बाहेर आल्यावर. परळच्या टाटा मेमोरियलमध्ये स्टोमा असलेल्यांना हे सगळं शिकवणाऱ्या प्रशिक्षित परिचारिका आहेत, मुंबईत ऑस्टॉमी असोसिएशन ऑफ इंडिया आहे. म्हणजे हे ज्ञान कुठे गुप्त ठेवलेलं नाही. ते फक्त घाट चढून वर आलेलं नाही. आपण मात्र दर खेपेला आलात, कारण आपल्याला गाडीभाडं लागत नाही.

तेव्हा विनंती अशी की यापुढे एकट्या येऊ नका. या पाच ओळी सोबत आणा, सुट्टी देण्याआधी पेशंटच्या घरच्यांना वाचून दाखवा आणि त्यांच्याकडून परत म्हणवून घ्या. जमणार नसेल तर आपली जागा सोडा आणि तिथे खरं काय ते लिहू द्या : ‘पुढचं तुमचं तुम्ही बघा.’ एकच शब्द जास्त आहे, शाई परवडेल.

कळावे,
आपली आज्ञा पाळू न शकलेल्या बाईची,
भाची