घरात पायथॉन किती?

संगणक खोटं बोलत नाही म्हणतात. म्हणणाऱ्याने एप्रिलमध्ये एकदा इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाच्या पोराशेजारी बसून बघावं. काळ्या पडद्यावर वरच्या ओळीत येतं, ‘रिक्वायरमेंट ऑलरेडी सॅटिस्फाइड’. म्हणजे मागितलेलं पॅकेज आधीच आहे, उगाच त्रास देऊ नका. मग प्रोग्रॅम चालवला की त्याच पडद्यावर तांबड्या अक्षरांत उमटतं, ‘मॉड्यूल नॉट फाउंड एरर: नो मॉड्यूल नेम्ड सीव्ही२’. म्हणजे असलं काही इथे नाहीच. इतक्या थंडपणे दोन्हीकडून बोलायला माणसाला निदान पक्षाचं प्रवक्तेपद तरी लागतं.

हा एरर तसा अलीकडचा. पायथॉन भाषा १९९१ साली लोकांच्या हाती आली. हरवलेल्या मॉड्यूलसाठी स्वतंत्र एरर मिळाला तो २०१६च्या डिसेंबरात, ३.६ या आवृत्तीत. तोवर सगळं ‘इम्पोर्ट एरर’च्या खात्यावर जमा व्हायचं. तक्रार तीच, खातं नवं. आपल्याकडे याला प्रशासकीय सुधारणा म्हणतात.

आणि ही पॅकेजं जिथून येतात त्या ‘पायपीआय’चं जुनं लाडकं नाव ‘चीज शॉप’. ते मॉन्टी पायथॉन या विनोदी मंडळीच्या १९७२ सालच्या एका प्रहसनावरून आलं. (भाषेचं नावही याच मंडळींवरून, सापावरून नव्हे.) प्रहसनात गिऱ्हाईक एकेका चीजचं नाव घेत राहतं आणि चीजच्या त्या दुकानात एकही चीज नसतं. इतकी स्पष्ट सूचना दारावरच लावल्यावर ग्राहक मंचात जायची सोय राहत नाही.

आमच्या भाच्याच्या लॅपटॉपवर मात्र चीज होतं. फक्त कुणाकडे, हा प्रश्न होता. कारण त्यात पायथॉन एक नव्हता. एक लॅबच्या मॅन्युअलमध्ये सांगितलेला. एक क्लासवाल्यांनी टाकायला लावलेल्या अ‍ॅनाकोंडाच्या पोटातून आलेला. एक मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधला. पायथॉन नसलेल्या विंडोजवर नुसतं ‘पायथॉन’ टाइप केलं तरी ते दुकान उघडतं, धंदा करावा तर असा. एकाच वाड्यात एकाच नावाचे तीन भाऊ. पिप नावाचा कुरिअरवाला थोरल्याच्या हाती पार्सल ठेवून सही घेऊन जातो आणि धाकटा दारात येऊन विचारतो, आमचं काही आलं नाही का? दोघेही खरंच बोलताहेत.

यावर उपाय आहे आणि तो एका ओळीचा आहे. नुसतं पिपला हाक न मारता ‘पायथॉन हायफन एम पिप इन्स्टॉल’ असं लिहायचं, म्हणजे ज्या पायथॉनने प्रोग्रॅम चालवायचा त्याच्याच हातात माल पडतो. आत्ता कोणता चालतोय हे बघायचं तर ‘सिस डॉट एक्झिक्युटेबल’ छापून बघायचं. पण एका ओळीच्या उपायाला आपल्याकडे मान नाही. गाईड सर म्हणाले, ‘माझ्या मशीनवर चालतंय.’ ग्रुपवर एकाने सांगितलं, सगळं उडव आणि परत टाक. भाच्याने टाकलं. भाऊ चार झाले.

लिनक्सवाल्या मित्राचा सल्ला त्याहून जालीम. २०२३ साली आलेल्या डेबियन १२ पासून पिपला सिस्टिमच्या पायथॉनला हात लावू देत नाहीत. ‘हे बाहेरून सांभाळलं जातंय’ असं नम्रपणे सांगून परत पाठवतात. तरी हट्टच असेल तर आज्ञेच्या शेवटी ‘ब्रेक सिस्टिम पॅकेजेस’ असं जोडावं लागतं; मित्राचा सल्ला हाच. नाव ठेवणाऱ्याचा हेतू निर्मळ होता: स्वतःच्या हाताने ‘सिस्टिम मोडा’ असं लिहिताना माणूस थबकेल. बिचाऱ्याला कॉपी-पेस्टची कल्पना नसावी.

बरं, पायथॉन योग्य सापडला तरी नावं जुळतील तर शपथ. टाकताना ‘ओपनसीव्ही-पायथॉन’, बोलावताना ‘सीव्ही२’. टाकताना ‘सायकिट-लर्न’, बोलावताना ‘एसकेलर्न’. ‘पिलो’ला ‘पीआयएल’ म्हणायचं, आणि त्यामागे निदान माया तरी आहे: मूळ पीआयएल रेंगाळली, पिलोने तिचा संसार चालवायला घेतला आणि जुने प्रोग्रॅम मोडू नयेत म्हणून दारावरची पाटी तीच ठेवली. भाच्याने एआयला विचारलं. एआयने आत्मविश्वासाने असं पॅकेज सुचवलं जे जगात कुठेच नाही. इथे हसू नये. एआय अशी जी नावं हवेतून काढतो, ती हेरून पायपीआयवर कुणी आपला घातक माल ठेवू शकतो, असा इशारा जाणकार देतात; या प्रकाराला ‘स्लॉपस्क्वॉटिंग’ म्हणतात. ज्या दिवशी ‘नो मॉड्यूल’ येत नाही, त्या दिवशी जास्त घाबरावं.

सगळ्यात दया येते ती नवं ते चांगलं मानणाऱ्यांची. २०२३च्या ऑक्टोबरात आलेल्या ३.१२ मधून ‘डिस्टयूटिल्स’ काढून टाकलं. त्यामुळे चारपाच वर्षांपूर्वीच्या व्हिडिओत बघून पॅकेज टाकायला जावं, तर पॅकेज टाकण्याचं साधनच सापडत नाही म्हणून एरर. ‘सेटअपटूल्स’ टाकलं की बहुधा भागतं. व्हिडिओतले सर अजून ‘लाइक करा’ म्हणतच असतात.

शेवटी मीच सांगितलं, बाबा रे, भावांना वेगळ्या चुली मांडून दे. प्रत्येक प्रोजेक्टला आपलं व्हेन्व, ज्याचं पॅकेज त्याच्या घरात, कुणी कुणाच्या डब्यात हात घालायचा नाही. भाच्याने ते फारच मनावर घेतलं. आता मेजर प्रोजेक्टला एक, मिनी प्रोजेक्टला एक, मित्राच्या प्रोजेक्टला एक, ‘ट्रायल’ला दोन आणि प्रत्येकात वेगळा टेन्सरफ्लो.

‘मामा, एरर गेला,’ परवा त्याचा फोन आला. ‘आता फक्त डिस्क फुल दाखवतंय. एक टीबीची एसएसडी घेतली की झालं.’

ब्लॅक बुकच्या, म्हणजे प्रोजेक्ट रिपोर्टच्या, बाइंडिंगचे पैसे त्याने आधीच नेलेत.