चंद्रतालला करायचं काय?

चंद्रतालला बोटिंग नाही. पोहायला मनाई. काठावर घोडे, फुगे, कणीस, भेळ यांपैकी काहीही नाही. ड्रायव्हरने ही माहिती बातलच्या ढाब्यावर अगदी सहज दिली आणि आमच्यातल्या, बँकेतून निवृत्त झालेल्या काकांनी चहाचा ग्लास खाली ठेवला. "मग एवढ्या लांब येऊन करायचं काय?"

प्रश्न रास्त होता. आपण तळ्यावर जातो ते मुख्यतः खायला. वेण्णा लेकवर वाढलेल्या माणसाला नुसतं पाणी दाखवून चालत नाही. त्यात वाटेने हाडं खिळखिळी केलेली. मनालीहून निघाल्यावर नऊ किलोमीटरचा अटल बोगदा चुटकीसरशी संपतो, पण ग्रांफू सुटलं की रस्ता ही अफवाच. कागदोपत्री त्याला राष्ट्रीय महामार्ग 505 म्हणतात. कुठे दगडांतून गाडी जाते, कुठे ओढ्यातून, आणि समोरून दुसरी गाडी आली की दोन्ही ड्रायव्हर खाली उतरून निवांत गप्पा मारतात.

2005 साली चंद्रतालला रामसर पाणथळीचा दर्जा मिळाला. आता काठाजवळ तंबू नाहीत आणि गाड्याही अलीकडेच थांबतात. पुढे किलोमीटर-दीड किलोमीटर पायी. उंची सुमारे 4,300 मीटर, हवेचा दाब समुद्रसपाटीच्या साठ टक्क्यांच्या आसपास. रोज पर्वती चढणारे काका पहिल्याच उंचवट्यावर निसर्गसौंदर्य न्याहाळायला थांबले. तीस पावलांवर त्यांना पुन्हा सौंदर्य दिसलं. नंतर तर ते दगडावर बसूनच न्याहाळू लागले.

तळं मात्र खरोखर वेड लावणारं. काठाशी पाणी इतकं नितळ की तळातला एकेक गोटा मोजावा. चार हात पुढे हिरवं, मध्यावर गडद निळं, आणि ढग सरकला की सगळा हिशेब पुन्हा नव्याने. पलीकडे चक्रवाकांची एक जोडी आमच्याकडे पाठ करून पोहत होती. त्यांना मनाई नसावी.

युधिष्ठिराला न्यायला इंद्राचा रथ इथेच उतरला, अशी श्रद्धा आहे. "म्हणजे त्याची गाडी काठापर्यंत सोडली होती," काका म्हणाले.

आमच्याबरोबरच्या वहिनींना मात्र काम सापडलं. इथलं पाणी चंद्रा नदीला मिळतं, तांदीला तिला भागा भेटते आणि दोघींची चंद्रभागा होते, हे ऐकताच त्यांनी बाटली रिकामी केली. ही चंद्रभागा म्हणजे चिनाब, ती पुढे पाकिस्तानात जाते, असं मी सांगून पाहिलं. "जाईना का! इथे तर आपलीच आहे ना?" म्हणत त्यांनी बाटली बुडवली आणि लगेच हात पदरात गुंडाळून "विठ्ठला, विठ्ठला" सुरू केलं. गारठ्याने असावं.

संध्याकाळी कॅम्पवर पिशवीतून बाकरवडी निघाली. पाकीट उशीसारखं टम्म फुगलेलं, फोडताच असा आवाज झाला की शेजारच्या तंबूतले लोक बाहेर आले. तेही पुण्याचे निघाले. या उंचीवर पाणी 85-86 अंशांनाच उकळतं, म्हणून कुकरशिवाय भात टचटचीत राहतो. तरी वहिनींनी तिथल्या आचाऱ्याला मऊ भाताची कृती समजावलीच. तो "जी, आंटीजी" म्हणत मॅगी ढवळत राहिला.

कॅम्पवरच्या पोराने जुलै 2023 ची गोष्ट काढली. ऐन उन्हाळ्यात बर्फ पडलं, रस्ते बंद झाले, अडीच-तीनशे पर्यटक इथेच अडकले. बर्फ उपसत वाट मोकळी करून त्यांना बाहेर काढावं लागलं. तंबूत शांतता पसरली. काकांनी कानटोपी वर सरकवली.

"त्या जादा दिवसांचं जेवण पॅकेजमध्येच धरलं होतं का?"