श्री. ‘आधी भरा, मग बोला’ यांस खुले पत्र



वीज कार्यालयाच्या खिडकीपलीकडची माणसे बदलली, संगणक आले, मंडळाची कंपनी झाली; आपण मात्र जागचे हललेला नाहीत. महिन्याला हजार-बाराशे भरणारा ग्राहक साठ हजारांचे बिल नाचवत तावातावाने येतो आणि आपल्या चार शब्दांपुढे गार पडतो. एवढा दरारा म्हणजे कायद्यात आपले घर नक्की असणार, असा त्या बिचाऱ्याचा समज. विद्युत अधिनियम, 2003 मध्ये मात्र आपल्या जागी भलतेच बिऱ्हाड आहे. कलम 56 नुसार थकबाकीसाठी वीज तोडायची तर पूर्ण पंधरा दिवसांची लेखी नोटीस हवी. शिवाय ग्राहकाने निषेध नोंदवून पैसे भरले, तर वादाचा निकाल लागेपर्यंत जोडणीला हात लावता येत नाही. आणि भरायचे किती? मागितलेली रक्कम किंवा मागील सहा महिन्यांच्या सरासरीने होणारी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती. साठ हजारांच्या त्या एका महिन्यापोटी हजार-बाराशे. ‘जी कमी असेल ती’ हे शब्द खिडकीवर सहसा ऐकू येत नाहीत; कदाचित काच जाड असावी.

आपले वकील म्हणतील, असे केले तर उद्या जो तो बिलावर वाद काढील आणि कंपनी बुडेल. पण सरासरीइतके पैसे दरमहा येतच राहतात. अडते ती फक्त वादातली वाढीव रक्कम, आणि ग्राहक हरला तर तीही त्याला चुकत नाही. सरासरी म्हणजे खरा वापर नव्हे, हा आक्षेप मात्र रास्त आहे. 2020 च्या लॉकडाउनमध्ये रीडिंग थांबले तेव्हा महाराष्ट्रात हिवाळ्याच्या सरासरीवर उन्हाळ्याची बिले निघाली आणि जूनमध्ये खरा आकडा पाहून घरोघरी डोळे पांढरे झाले. म्हणूनच कायदा सरासरीला निकाल मानत नाही, निकालापर्यंतची सोय मानतो. कंपनीला मीटर वाचता येत नाही तेव्हा चालणारी सरासरी ग्राहकाने मागितली की ‘सिस्टीममध्ये बसत नाही’, हे कोडे आपणच सोडवावे.

बरे, कायद्याला आपले वावडे आहे असेही नाही. अनधिकृत वापराच्या आकारणीविरुद्ध कलम 127 खाली अपील करायचे तर आधी पैसे भरावेच लागतात. पण तिथेही निम्मेच! ज्याच्यावर गैरवापराचा ठपका आहे त्याला अर्धी सवलत, आणि ज्याचे मीटर नुसते भरकटले त्याच्याकडून रुपयातले सोळा आणे, हा न्याय खास आपला.

‘कंपनीची चूक झाली म्हणून वापरलेली वीज फुकट?’ हा आपला हुकमी सवाल. फुकट नाहीच. अजमेरच्या वीज कंपनीने चुकीच्या दराने बिले लावली होती आणि 2009 ते 2011 मधल्या वापराचा फरक 2014 मध्ये मागितला. ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. 2020 च्या निकालात न्यायालयाने म्हटले, की चूक सापडल्यावर जादा मागणी करता येईल, वसुलीचे इतर कायदेशीर मार्गही खुले आहेत. पण थकबाकीच्या वसुलीला कायद्याने घातलेली दोन वर्षांची मुदत उलटल्यावर त्यासाठी वीज तोडण्याचा धाक घालता येणार नाही. म्हणजे येणे राहिले, कात्री गेली. आणि कात्री गेली तर आपण उरता किती?

तक्रार निवारण मंच कंपनीनेच नेमायचा, ही कायद्यातली व्यवस्था पाहून आपल्याला हायसे वाटत असेल. ग्राहकाची शंकाही तीच. पण मंचाच्या वर विद्युत लोकपाल आहे, आणि त्याची नेमणूक कंपनी नव्हे, राज्य वीज नियामक आयोग करतो. फक्त तिथवर पोचायला हातात कागद लागतो. म्हणून विनंती एवढीच, की ‘निषेध नोंदवून भरणा’ असे लिहिलेला अर्ज आला तर तो परत ढकलू नये. आवक क्रमांक घालून, शिक्का मारून पोच द्यावी.

कळावे. लोभ आणि पुरवठा अखंड असावा.

आपला,
एक ‘थकबाकीदार’