फुकट यूसी कसे मिळवावेत : बंगळुरूतल्या महादेवपुरा परिसरासाठी मार्गदर्शिका

सदर मार्गदर्शिका वय वर्षे 10 ते 17 या गटातील, 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' अर्थात बीजीएमआय खेळणाऱ्या आणि घरी मराठी, शाळेत इंग्रजी, लिफ्टमध्ये हिंदी व वॉचमनकाकांशी मोडके कन्नड बोलणाऱ्या मुलामुलींसाठी आहे. पालकांनी वाचायला हरकत नाही. निम्म्यावर आले की ते स्वतःहून थांबतील.

अर्जदाराची पात्रता अशी : स्वतःचा फोन नसावा (असल्यास तो आईचा जुना असावा), स्वतःचे बँक खाते नसावे आणि स्वतःचा वेळ उदंड असावा. यातली तिसरी अट महत्त्वाची, पण महादेवपुऱ्यात तिची अडचण येत नाही. क्लासला नेणारी कॅब आउटर रिंग रोडला लागते, खेळातल्या एरंगेल बेटावर शंभर जण उतरतात, अर्ध्या तासात त्यातले नव्व्याण्णव बाद होतात, आणि कॅब अजून टिन फॅक्टरीलाच असते. खेळातला झोन निदान आकसत तरी जातो.

आता चलनाविषयी. यूसी म्हणजे 'अननोन कॅश'. ते क्राफ्टन ही दक्षिण कोरियन कंपनी काढते. तिचे भारतातले मुख्य कार्यालय बंगळुरूतच आहे, त्यामुळे टांकसाळ आपल्याच गावात असल्याचे समाधान होतकरूला मिळते. उपयोग काही होत नाही. 60 यूसी 75 रुपयांच्या आसपास पडतात, आणि रॉयल पासला त्याच्या कितीतरी पट लागतात. भारतासाठी खेळ सौम्य केलेला आहे : रक्त हिरवे वाहते, शत्रू मरत नाही, 'फिनिश' होतो. किंमत मात्र सौम्य करायची राहून गेली. अल्पवयीनांची काळजीही कंपनीने घेतली. 2021 मध्ये खेळ आला तेव्हा 18 वर्षांखालच्यांसाठी दिवसाला 3 तास आणि 7,000 रुपये अशी मर्यादा जाहीर झाली. म्हणजे शिस्तीत राहणाऱ्या मुलाला महिन्याला 2,10,000 रुपयांवर एक पैसाही उधळता येत नाही. बऱ्याच बाबांच्या पगाराला इतकी शिस्त अंगी बाणवायला अजून दोन बढत्या लागतील.

या यूसीने काय घेतात? मुख्यतः स्किन. एम416 बंदुकीला 'ग्लेशियर' चढवली की ती रात्रभर फ्रीझरमध्ये राहिल्यासारखी दिसते. मार तसूभरही वाढत नाही. गोळी तीच, नेमही आपलाच, म्हणजे चुकणाराच. याला कोणी मोठ्या माणसाने 'मग कशाला हवी?' असे विचारले, तर त्याच्या एसयूव्हीकडे बोट दाखवावे. तीही सिग्नलला आल्टोच्या मागेच उभी असते.

खेळ स्वतःहून एक फुकट चलन देतो, त्याचे नाव बीपी. ते पाण्यासारखे मिळते आणि त्यात घेण्याजोगे काहीही नसते. क्रेट म्हणजे बक्षिसाची पेटी; तिच्या कूपनाचे तुकडेही मिळतात. 10 तुकडे जोडले की एक अख्खे कूपन होते आणि त्या कूपनातून बहुधा कोणाच्याही उपयोगाची नसलेली टोपी निघते. हा मार्ग संतांसाठी आहे. आपण पुढे जाऊ.

पण त्याआधी खजिन्याच्या सुरक्षिततेबद्दल दोन शब्द. 2 सप्टेंबर 2020 रोजी केंद्र सरकारने बंदी घातलेल्या 118 अ‍ॅपांत पब्जी मोबाइल होता. 2 जुलै 2021 रोजी तो बीजीएमआय होऊन आला, 28 जुलै 2022 रोजी गूगल आणि अ‍ॅपलच्या दुकानांतून अदृश्य झाला, आणि मे 2023 मध्ये परतला. मधल्या काळात 14 फेब्रुवारी 2022 रोजी, ऐन व्हॅलेंटाइन दिनी, फ्री फायर या दुसऱ्या खेळावर बंदी आली. नोटबंदीत निदान बँकेबाहेर रांगेत उभे राहून कोणाला तरी नावे ठेवता आली होती. इथे तीही सोय नाही. तात्पर्य, यूसी साठवू नयेत. मराठी घरातल्या मुलाला हे जड जाईल, कारण मिळाले की ठेवीत टाकायचे हे बाळकडू. पण यूसीला व्याज नाही, वारस नेमता येत नाही आणि मुदतीआधी मोडताही येत नाहीत.

प्रत्यक्ष कमाईकडे वळू. सगळे होतकरू सुरुवात करतात ती 'जनरेटर'पासून, म्हणून त्याची कृती आधी देतो. यूट्यूबवर एक भैया सांगतो की अमुक ठिकाणी आयडी टाका, 60 पासून 8,100 पर्यंत हवे तेवढे यूसी निवडा. आपण नम्रपणे 8,100 निवडतो. काळ्या पडद्यावर हिरवी अक्षरे धावतात, 'सर्व्हरशी जोडत आहोत' असे येते, पट्टी 99 टक्क्यांपर्यंत भरते आणि थांबते. मग विचारणा होते : तुम्ही माणूस आहात ना? ते सिद्ध करण्यासाठी दोन अ‍ॅप उतरवायची, तीस सेकंद चालू ठेवायची आणि विम्याबद्दल आठ प्रश्नांची उत्तरे द्यायची. तेरा वर्षांचा मुलगा आपण विवाहित, दोन अपत्ये असलेले, वार्षिक उत्पन्न 10 लाखांवर असलेले गृहस्थ आहोत असे सांगून आपले मनुष्यत्व सिद्ध करतो. यूसी येत नाहीत. ते कधीच येणार नव्हते. ती हिरवी अक्षरे म्हणजे नुसती रांगोळी असते, आणि खेळाच्या सर्व्हरला त्यातले काही कळतही नाही. पैसे मात्र खरोखर निर्माण होतात. प्रत्येक अ‍ॅप उतरवल्याबद्दल त्या भैयाला दलाली मिळते.

पालक अजून वाचत असतील, तर त्यांनी इथे लक्ष द्यावे. ती दलाली देते कोण? ज्याला आपल्या अ‍ॅपचे 'यूझर' वाढवायचे आहेत तो. आणि ते वाढलेले आकडे स्लाइडवर चढवून तिमाही बैठकीत दाखवतो कोण? बागमने टेक पार्कच्या एखाद्या काचेच्या इमारतीत नवव्या मजल्यावर बसलेले, कोणाचे तरी बाबा. घरून काम असेल त्या दिवशी मुलगा हॉलमध्ये बसून अ‍ॅप उतरवतो, बाबा बेडरूममधून त्याचाच आलेख वर गेल्याचे झूमवर सांगतात. एकाच छताखाली, एकाच वाय-फायवर. दोघांपैकी बोनस एकालाच मिळतो, आणि त्यातूनच पुढे सत्तर-ऐंशी रुपयांसाठी वाद होतो.

जनरेटरचा एक थोरला भाऊ आहे, त्याच्यापासून मात्र खरोखर दूर राहा. 'पासवर्ड दे, मी यूसी टाकतो' म्हणणारा यूसी टाकत नाही, अकाउंट उचलतो. 'क्यूआर स्कॅन करून पिन टाक, पैसे येतील' म्हणणाऱ्याकडे पैसे जातात. पैसे घ्यायला पिन लागत नाही, कधीच लागत नाही. चुकून झालेच, तर रडत बसण्याआधी 1930 या सायबर हेल्पलाइनला फोन. आईचा ओरडा नंतर खाता येतो, व्यवहार रोखायला मिळणारा वेळ थोडा असतो.

लाइव्ह स्ट्रीमवरच्या 'गिव्हअवे'बद्दल फार लिहिण्यासारखे नाही. हजारो मुले आपापला आयडी लिहितात, एकाला मिळते, आणि तो एक कोण हे स्ट्रीम करणाऱ्याच्या आत्याला माहीत असते. स्पर्धा जिंकणे हा सन्मार्ग आहे : 2021 च्या पहिल्या बीजीआयएस स्पर्धेची बक्षिसे 1 कोटी रुपयांची होती. त्यासाठी तीन तासांची मर्यादा, उद्याचे गणित आणि स्वतःचा नेम यांवर मात करावी लागते. कायद्याची धास्ती नको. ऑगस्ट 2025 च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून पैसे जिंकण्याचे खेळ बंद केले, ई-स्पोर्ट्सला मान्यता दिली. तुमच्या खेळात पैसे लावून पॅंट जिंकतात, तेव्हा बिनघोर राहा.

आता खात्रीचा मार्ग, आणि तो महादेवपुऱ्याइतका कुठे फळत नाही. गूगल ओपिनियन रिवॉर्ड्स नावाचे अ‍ॅप लहान लहान सर्वेक्षणे पाठवते आणि उत्तराबद्दल काही रुपये प्ले स्टोअरच्या खात्यात जमा करते. त्या जमेतून यूसी घेता येतात. अ‍ॅपला 18 वर्षांचा माणूस लागतो, म्हणून आईला सामील करून घ्यावे. आईला यूसी कळत नाहीत, पण 'फुकट' म्हटले की ती बाजूने होते. सर्वेक्षण येते कशावरून? बहुतेकदा फोन कुठे कुठे फिरला त्यावरून. 'नुकतेच तुम्ही यांपैकी कुठे गेला होतात?' तेव्हा शनिवारी सकाळी दुकाने उघडताच परिक्रमेला निघावे. फिनिक्स मार्केटसिटीत शिरावे, मजल्यामजल्याने वर चढावे, प्रत्येक मोठ्या दुकानात फोन दोनचार मिनिटे मुरू द्यावा, काहीही घेऊ नये. शेजारीच व्हीआर मॉल, तिथेही तसेच. अंगात बळ असेल तर सिंगय्यनपाळ्यला मेट्रोत बसून व्हाइटफील्डकडचे मॉलही पदरात पाडून घ्यावेत. मार्च 2023 मध्ये जांभळ्या लाइनचा हा टप्पा सुरू झाला तो नोकरदारांसाठी, असे म्हणतात.

या साधनेत तीन पथ्ये आहेत. खोटे बोलू नये. न गेलेल्या दुकानाला 'हो' म्हणणारा ओळखू येतो आणि मग त्याची सर्वेक्षणे आटतात. जमा रक्कम वर्षभरात वापरावी, नाहीतर बुडते. आणि फूड कोर्टकडे पाहू नये. आईबरोबर परिक्रमा केली की तिथे दोन डोसे आणि एक फिल्टर कॉफी होतेच. मग सोळा रुपयांच्या सर्वेक्षणाला साडेचारशे रुपये भांडवल लागले, हे हिशेबाच्या वहीत कुठे लिहायचे असा प्रश्न पडतो. लिहू नये. बंगळुरूतल्या बऱ्याच नावाजलेल्या कंपन्या याच हिशेबावर उभ्या राहिल्या आहेत.

हे सगळे पाहून बाबा हसतात, त्यांना हसू द्यावे. नंतर शांतपणे 2019 च्या दिवाळीची आठवण काढावी. गूगल पेने तेव्हा पाच चित्रे गोळा करायला लावली होती : दिवा, फूल, कंदील, झुमका आणि रांगोळी. पाचही जमली की 251 रुपये. चार सगळ्यांना मिळाली, रांगोळी मात्र कोणाला मिळेना. अख्खा देश ओळखीच्या-अनोळखीच्या माणसांना 'रांगोळी आहे का?' विचारत सुटला होता. चांगले शिकलेसवरलेले, गृहकर्ज असलेले लोक बल्बवर, कंदिलावर कॅमेरा रोखून उभे होते. अजूनही बाबा क्रेडिट कार्डाचे बिल एका अ‍ॅपवरून भरतात, कारण तिथे नाणी मिळतात. आई फ्लिपकार्टवर घेते, कारण सुपरकॉइन मिळतात. ही दोन्ही दुकाने याच शहरात जन्मली. साठलेल्या नाण्यांतून काय घेता येते? न लागणाऱ्या चहाच्या पुडीवर सूट. बीपी म्हणतात ते हेच. फरक एवढाच, की मुलाला त्याचा उपयोग नाही हे पहिल्या आठवड्यातच कळले होते.

मिरजेहून राणी चन्नम्मा एक्स्प्रेसने आजोबा येतात, तो काळ विशेष फलदायी. पद्धत सरळ ठेवावी.

"आजोबा, तुमचा फोन देता जरा? यूसी भरायचेत."

"भर की. क्लासची फी वेळेत गेलेली बरी."

इथे गप्प बसणारे बरेच असतात. ते टिकत नाहीत; रात्री आजोबा जेवताना फीचा विषय काढतात. खरे सांगावे.

"क्लास नाही हो. बंदुकीला कपडे घ्यायचेत."

"बंदुकीला? इतकी थंडी पडते इकडे?"

एवढे बोलून आजोबा 101 रुपयांचे पाकीट हातात ठेवतात. रोख. रोख रकमेचे यूसी होत नाहीत, हा मोठाच पेच. त्यावर उपाय म्हणजे मोबाइल रिचार्जच्या दुकानात जाऊन गूगल प्लेचा कोड घेणे. पाकिटातले एक रुपयाचे नाणे दुकानदार अण्णाही नको म्हणतात. ते देवघरात ठेवावे.

यानंतरचा मार्ग दीर्घकाळाचा आहे. कर्नाटकात 2015 च्या कायद्याने शाळांत कन्नड शिकणे सक्तीचे झाले, आणि मराठी बाबांची त्या विषयातली मदत 'कन्नड गोत्तिल्ला' (कन्नड येत नाही) या दोन शब्दांत संपते. म्हणून कन्नडच्या गुणांवर करार करावा : 80 च्या वर गेले तर रॉयल पास. बाबा लगेच कबूल होतात, कारण त्यांना ते अशक्य वाटते. गुण मिळवण्याची सोपी युक्ती म्हणजे स्क्वाडमध्ये दोन कन्नड मुले घ्यावीत. माइक सुरू ठेवून रोज तासभर 'मागून शत्रू येतोय', 'औषध टाक', 'गाडी थांबव, मला घे' एवढे कन्नडमध्ये ओरडले की क्रियापदे पक्की होतात. निबंधात थोडी गोळीबाराची छटा येते, पण मास्तरांनी चालवून घेतल्याचे ऐकिवात आहे.

कमाई झाली की खर्च. 60 यूसी हाती आले की होतकरू क्रेट उघडतो. पेटी थरथरते, उजेड पडतो, आणि आतून पॅंट निघते. सोनेरी काठाची, देखणी. खाली बारीक अक्षरात लिहिलेले असते : मुदत 3 दिवस. हे तीन दिवस कधी सुरू होतात यावर कोणाचे नियंत्रण नाही, पण आमच्या सोसायटीतल्या मुलांचा अनुभव एकमुखी आहे : ते युनिट टेस्टच्या आदल्या संध्याकाळी सुरू होतात आणि फोन आईच्या कपाटातून बाहेर येण्याच्या सकाळी संपतात.