बेल्ट सैल नव्हता

मामाला भीमसेन-कुमारांपलीकडे काही कळत नाही, असं माझ्या गिटार वाजवणाऱ्या भाच्याचं ठाम मत. ते खोडायला मी ब्लॅक फ्लॅगची ‘माय वॉर’ मागवली. 1984ची, चांगली काळी तबकडी. कॅलिफोर्नियातल्या हर्मोसा बीचचा हा हार्डकोर पंक बँड. यांची गाणी वेगात उरकतात, एवढा माझा अभ्यास.

पहिली बाजू अभ्यासाबरहुकूम वाजली. गायक हेन्री रॉलिन्स कुणावर तरी भयंकर चिडलेला, आणि कुणावर ते कळायच्या आत गाणं संपलेलं. मी मान हलवून दाद देत होतो. बायको म्हणाली, “मान आखडलीय का?”

बाजू पालटली आणि सगळं रेंगाळायला लागलं. ढोल एकदा वाजायचा, मग विचार करायचा. मी तत्काळ निदान केलं: प्लेअरचा बेल्ट सैल. रबरी बेल्ट उकळला की आवळतो, असं कुठंतरी ऐकलं होतं. चहाच्या पातेल्यात उकळला. बसवला. तरी तेच! शेवटी वेग 33वरून 45 केला. रॉलिन्स बालगीत गाऊ लागला, पण लय जमली. भाच्याला बोलावून म्हटलं, “ऐक, याला म्हणतात पंक.”

तो सोफ्यावर आडवा होऊन हसला. “मामा, ती बाजू तशीच आहे!”

गाणी तीन, प्रत्येक सहा मिनिटांहून लांब, मुद्दाम संथ. रेकॉर्ड कंपनीशी कोर्टकज्जे चालू असल्यानं बँडला बराच काळ स्वतःच्या नावानं काही काढता येईना. बेसवाला गेला, तर गिटारवाल्या ग्रेग गिननं ‘डेल निक्सन’ या खोट्या नावानं बेसही वाजवून टाकला. त्यात गिनला संथ, जडशीळ वाजवणाऱ्या ब्लॅक सॅबथचं वेड. वेगाला चटावलेले चाहते खवळले (त्यांच्याकडे पातेलं नसावं). पण वॉशिंग्टन राज्यातला मेल्विन्स हा सुसाट वाजवणारा बँड याच बाजूमुळे मंदावला. मेल्विन्सच्या नादी लागलेला ग्रंज गायक कर्ट कोबेन. त्यानं आपल्या डायरीत आवडत्या पन्नास अल्बमांची यादी केली, तीत ‘माय वॉर’ आहे. ग्रंज म्हणा, स्लज म्हणा, वाट या बाजूवरून जाते. आणि मी ती बाजू दुरुस्त करत होतो.

भाच्यानं वेग 33वर आणला, आवाज वाढवला. शेवटच्या गाण्यात बेल वाजली. खालच्या मजल्यावरचे काका.

“टाकीचा पंप अडकलाय वाटतं?”

पान्हा ते घेऊनच आले होते.