भुतांचा जमाखर्च

कोकणात भीतीला कधी पैसे पडले नाहीत. बाकी सगळ्याला पडले. तांदळाला पडले, कौलांना पडले, वकिलाला तर पिढ्यान् पिढ्या पडले. पण रात्री परसात जायची भीती रत्नागिरी जिल्ह्यात ज्याला त्याला घरबसल्या, हवी तेवढी आणि पूर्ण मोफत मिळत असे. विहिरीत गिऱ्हा, पिंपळावर मुंजा, सड्यावर चकवा, पऱ्याच्या काठी आसरा, पडक्या चौथऱ्यावर समंध आणि ठरलेली जागा नसल्यामुळे कुठेही भेटू शकणारी हडळ, अशी आमच्या आजीने वाटणी करून ठेवली होती. तिच्या हिशेबाने आमच्या दीड एकरात माणसांपेक्षा भुतंच जास्त राहत होती. शिवाय त्यांच्यात हद्दीवरून एकही दावा चालू नव्हता, म्हणजे ती माणसांपेक्षा शहाणीही असणार.

ही नुसती आजीची कल्पना नव्हे. नाशिकचा कलेक्टर जॅक्सन याने जमवलेल्या माहितीवरून आर. ई. एन्थोव्हेन या साहेबाने १९१५ साली कोकणातल्या लोकसमजुतींवर एक पुस्तकच छापलं. त्यातली बरीच माहिती पुरवली कोणी, तर गावोगावच्या शाळामास्तरांनी. निवडणूक, जनगणना अशी कामं आज शिक्षकांच्या गळ्यात पडतात म्हणून आपण हळहळतो. त्यांच्या पूर्वसुरींनी तर भुतांची खानेसुमारी केलेली आहे. तीही बहुधा जादा भत्त्याशिवाय.

मी जन्मभर कोषागारात बिलं तपासली. त्यामुळे देव असो, भूत असो, मला आधी त्याचा जमाखर्च दिसतो. म्हणून नाचणे रोडवरच्या आमच्या सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर २०२४च्या ऑक्टोबरात जेव्हा ‘हॅलोविन नाइट! घरटी ₹५००’ असा निरोप आला, तेव्हा मी भोपळ्याचं चित्र सोडून थेट आकड्याकडे पाहिलं. खाली सूचना होती : ‘मुलांनी भीतिदायक पोशाखात यावे. मोठ्यांना ऐच्छिक.’

“मोठ्यांना ऐच्छिक का?” मी विचारलं.

“काहींना पोशाखाची गरज नसते,” आमची ही माझ्याकडे बघत म्हणाली.

चोवीस बिऱ्हाडं, म्हणजे बारा हजार रुपये जमा. खर्चाची यादी मी मागून घेतली. प्लॅस्टिकची वटवाघळं, रबरी हात, कवटीच्या आकाराचे दिवे, काळे फुगे आणि कापसासारखी ताणून लावायची कोळिष्टकं, तीनशे चाळीस रुपये. आता गंमत बघा. दिवाळीच्या साफसफाईत जिन्यातली कोळिष्टकं काढायला त्याच आठवड्यात सोसायटीने तीनशे रुपये मोजले होते. म्हणजे तीनशे देऊन खरी काढली आणि तीनशे चाळीस देऊन खोटी लावली. माझ्या नोकरीत असं बिल समोर आलं असतं तर त्यावर मी असा शेरा मारला असता की त्या फाइलीचाच समंध झाला असता.

सेक्रेटरी तरुण आहे. त्याला मी म्हटलं, “अरे, वरच्या आळीतल्या वडावर खरी वटवाघळं शेकड्याने लटकलीत. फुकट आहेत.”

“काका, ती फोटोत नीट येत नाहीत,” तो म्हणाला. “आणि हे आता जगभर करतात.”

जगभर करतात म्हणजे किती करतात, हे बघायला मी नंतर बसलो आणि खरी भीती तिथे वाटली. अमेरिकेतल्या किरकोळ व्यापाऱ्यांची राष्ट्रीय संघटना दरवर्षी पाहणी करून या सणाच्या खर्चाचा अंदाज जाहीर करते. २०२३ साली तो १२.२ अब्ज डॉलर होता, पुढच्या वर्षी ११.६ अब्जांवर उतरला आणि २०२५ साली १३.१ अब्जांवर चढला. माणशी सुमारे ११४ डॉलर. आपल्या चलनात माणशी दहा हजार आणि सगळे मिळून एक लाख पंधरा हजार कोटी रुपयांच्या घरात. मुंबई महापालिकेचं २०२५-२६चं अंदाजपत्रक ७४ हजार ४२७ कोटींचं होतं. म्हणजे मुंबईचे रस्ते, पाणी, गटारं, इस्पितळं, शाळा यांच्यावर वर्षभरात जेवढा खर्च होतो, त्याच्या दीडपट खर्च अमेरिकन माणूस एका संध्याकाळच्या भुताटकीवर करतो. अर्थात मुंबईकराला पहिल्या पावसातल्या खड्ड्यांत दोन्ही गोष्टी एकाच अंदाजपत्रकात मिळतात, हा भाग वेगळा.

यात पाळीव प्राण्यांच्या पोशाखांचं खातं निराळं. २०२३ साली ते ७० कोटी डॉलरचं धरलं होतं. त्यात सगळ्यांत जास्त मागणी भोपळ्याच्या पोशाखाला आणि त्याखालोखाल हॉटडॉगच्या. कुत्र्याला पावात घातलेल्या सॉसेजचं सोंग देऊन गल्लीभर फिरवतात. आमच्या मांडवीच्या कुत्र्याला असं सजवलं, तर दुसरी चार कुत्री त्याला खाऊन टाकतील, आणि त्यांचं काही चुकणार नाही.

माझा पुतण्या न्यू जर्सीत एडिसनला असतो. त्याच्या समोरच्या घरात बारा फुटी सांगाडा उभा आहे. एका मोठ्या हार्डवेअर साखळीने हा सांगाडा २०२० साली बाजारात आणला, किंमत २९९ डॉलर, आणि तो हातोहात संपला. २०२५च्या भावाने सव्वीस हजार रुपये. आमच्या आजीचा खवीस माडाएवढा उंच होता, तंबाखू मागायचा आणि त्याचा घसारा शून्य होता.

“तो सांगाडा नंतर ठेवतात कुठे?” मी पुतण्याला विचारलं.

“ठेवणार कुठे, काका? गॅरेजमध्ये मावत नाही. डिसेंबरात त्यालाच सांताक्लॉजची टोपी घालतात.”

म्हणजे भुताला बारमाही नोकरी. आमच्याकडे एवढं स्थैर्य फक्त सरकारी खात्यात असतं.

मुळात हा सण श्रीमंतांचा नव्हेच. आयर्लंड-स्कॉटलंडकडची गरीब माणसं सुगी संपल्यावर, गेलेली माणसं त्या रात्री फिरून येतात असं मानून शेकोट्या पेटवायची. सलगम कोरून त्यात दिवा ठेवायची. एकोणिसाव्या शतकात दुष्काळाने पोटासाठी अमेरिकेत गेली, तिथे त्यांना भोपळा मिळाला. तो मोठा, मऊ आणि कोरायला सोपा. सलगम कोरून पाहिलेल्या कोणालाही या स्थलांतराचं कारण वेगळं सांगावं लागणार नाही. पुढे चॉकलेटवाले आले, पोशाखवाले आले आणि गरिबाच्या दिव्याचं अब्जावधीचं खातं झालं.

आपल्याकडे गेलेली माणसं महिनाभर आधी, भाद्रपदाच्या वद्य पक्षात येतात. आपलं वैशिष्ट्य असं की आपण त्यांना घाबरत नाही, त्यांना जेवायला घालतो. ती कावळ्याच्या रूपाने येतात, वडे-खीर खातात आणि जातात. जाताना गवारीचा भाव तेवढा दुप्पट करून जातात.

कोणी म्हणेल, आपणही भुतांवर खर्च करतच होतो की. करत होतो, नाही कशाला म्हणू? आरवलीचा वेतोबा घ्या. १९८१च्या १ मेला सिंधुदुर्ग वेगळा होईपर्यंत तोही आमच्याच जिल्ह्याचा रहिवासी. भुतांचा राजा वेताळ; रात्री गावाची गस्त घालतो म्हणून त्याच्या वहाणा झिजतात, आणि म्हणून भक्त त्याला भल्या मोठ्या चामडी वहाणा वाहतात, केळ्यांचे घड देतात. माझ्यातल्या कारकुनाला हा व्यवहार फार आवडतो. काम आहे, कामाची झीज आहे आणि झिजेची भरपाई आहे. बिल मंजूर.

तीच गोष्ट राखणदाराची. वर्षातून एकदा त्याला नारळ द्यायचा, गाऱ्हाणं घालायचं, सगळ्यांनी ‘व्हय महाराजा’ म्हणायचं, कोंबडा दाखवायचा आणि मग तो कोंबडा आपणच रस्सा करून खायचा. इतका समजूतदार धनको जगाच्या कुठल्याही बँकिंग व्यवस्थेत सापडणार नाही. बदल्यात तो वर्षभर बाग राखायचा. संध्याकाळी सातनंतर हापूसच्या कलमाखाली पाऊल टाकायची कोणाची छाती नव्हती. पुढे शिक्षण वाढलं, विजेचे खांब आले, भीती ओसरली आणि आंबे चोरीला जाऊ लागले. आज त्याच बागांत नेपाळहून आलेले गुरखे पगारावर राखणीला आहेत. वर सीसीटीव्ही, बॅटऱ्या, कुत्री. पूर्वी हे सगळं एका नारळात भागायचं. अंधश्रद्धा गेली हे उत्तमच झालं, भोंदू भगताने किती घरं धुऊन नेली हे मी पाहिलंय. पण बागायतदाराच्या वहीत राखणदाराची रिकामी झालेली जागा भरायला महिन्याचे किती हजार लागतात, हेही मांडायला हवं.

आणि सोंगं घेऊन दारोदार मागायचं म्हणाल, तर ते रत्नागिरीला कोणी शिकवायची गरज नाही. आमचा शिमगा फाकपंचमीला सुरू होतो. काळ्या कपड्यातला, तोंडावर मुखवटा चढवलेला, कमरेला घुंगरं बांधलेला संकासुर हातात पिळलेली दोरी घेऊन धावत आला, की पोरं माजघरात आणि माजघरातली आजीच्या पदराआड. बरोबर नऊवारी नेसलेली गोमू, जिच्या मिशा पावडरीने झाकत नाहीत. खेळे दारात नाचणार, ओवाळणी घेणार. पोरं रस्त्यावर दोरी आडवी धरून एसटीलासुद्धा पोस्त मागणार. दिलं तर ठीक. न दिलं तर होळीच्या रात्री तुमचं नाव घेऊन बोंब ठरलेली, आणि तीत तुमच्या कंजूषपणाचा सविस्तर तपशील. शिवाय परसातल्या लाकडांना पाय फुटून ती सकाळी होमात जळताना दिसत ती वेगळीच. अमेरिकन पोर खाऊ न देणाऱ्याच्या झाडावर कागदाच्या गुंडाळ्या फेकतं. आमच्या बोंबेपुढे तो निव्वळ कागदोपत्री निषेध आहे.

शिमगा फुकट होतो असं म्हणणाऱ्याने चाकरमान्याला विचारावं. मुंबईहून बिऱ्हाडासकट येणं, पालखी घरी यायची म्हणून रंगरंगोटी, नारळ, ओटी, वर्गणी आणि धुळवडीचं मटण. त्याचा मार्च त्यापुढे जूनपर्यंत वर येत नाही. पण हा पैसा जातो कुठे? ढोल मढवणाऱ्याकडे, हारवाल्याकडे, रंगाऱ्याकडे, मटणवाल्याकडे. होळीची राख थंड व्हायच्या आत पैसा वाडीतल्या वाडीत फिरून आलेला असतो. आमच्या सोसायटीचे बारा हजार मात्र एका बोटाच्या टिचकीसरशी रत्नागिरीबाहेर गेले, आणि त्यांच्या बदल्यात खोक्यातून रबरी हात आले. एक हात तर नुसता तळव्यापर्यंतच होता. परत पाठवायचा तर त्याचेही पैसे.

त्या वर्षी आणखी एक योग आला. ३१ ऑक्टोबर २०२४ला नरक चतुर्दशी आणि हॅलोविन एकाच दिवशी पडले. पहाटे उटणं लावून, तुळशीपाशी डाव्या पायाच्या अंगठ्याने कारीट फोडायचं, ‘गोविंदा’ म्हणून ओरडायचं, की नरकासुर ठार. कारीट हे भोपळ्याच्याच कुळातलं. तोंडात धरवणार नाही इतकं कडू आणि कुंपणावर फुकट उगवणारं. तळमजल्यावरच्या सहा वर्षांच्या बंड्याने पहाटे आमच्यासमोर कारीट फोडलं आणि “राक्षस मेला!” म्हणून उड्या मारल्या. संध्याकाळी सात वाजता दाराची घंटा वाजली. बघतो तर दोन शिंगं, लाल डोळे, हातात प्लॅस्टिकचा त्रिशूळ. पहाटे ठार मारलेला राक्षस जातीने हजर.

“सकाळी तर मेलास की रे!” ही म्हणाली.

“तो वेगळा होता, आजी. हा ऑनलाइनवाला आहे,” राक्षस म्हणाला आणि त्याने भोपळ्याची बादली पुढे केली. हिने तीत दोन करंज्या आणि चकली टाकली. राक्षसाने आत डोकावून पाहिलं. “चॉकलेट नाहीये?”

खाली मात्र मजा आली, हे सांगायला हवं. पोरं खदखदून हसत होती, सेक्रेटरी ड्रॅक्युलाचा झगा सावरत पावभाजी वाढत होता, आणि घाबरलं कोणीच नव्हतं. दुसऱ्या दिवशी कोरलेला भोपळा हिने ताब्यात घेतला, गर काढून घारगे केले आणि घरोघर वाटले. बारा हजारांतली सार्थकी लागलेली ती एकमेव बाब. हिशेबात तशी नोंद मी स्वतः केली आहे.

म्हणून मंडळी, मी हॅलोविनच्या विरुद्ध नाही. पोरांना सोंग घ्यायला आणि खाऊ मागायला निमित्त हवं असतं. ते वर्षातून दोनदा मिळालं तर बिघडलं काय? माझं म्हणणं फक्त लेखापरीक्षकाचं आहे. पुढच्या खेपेला भोपळा बाजारात खाली बसणाऱ्या भाजीवालीकडून घ्या, मुखवटे पोरांकडून पुठ्ठ्याचे करवून घ्या आणि ऑनलाइन राक्षसाऐवजी गावातला एखादा खरा संकासुर बोलवा. त्याला घरटी पोस्त द्या, जेवू घाला, जायला रिक्षा करून द्या. बारा हजारांत तो पोरांनाच काय, कार्यकारिणीलाही गच्चीपर्यंत पळवून दाखवेल. रत्नागिरीने पिढ्यान् पिढ्या मुंबईच्या मनिऑर्डरींवर संसार केले. आता भुतांपायी उलट मनिऑर्डरी पाठवण्याइतकी आपली ऐपत अजून झालेली नाही.