त्रिशंकूचा प्लॉट

"काय हो काकू, अंधारात आमच्या भिंतीवरून काय बघायलात?"

"तुझ्या अंगणात काय ठेवलंय बघण्यासारखं! दक्षिणेला बघायले मी. लाइट गेली, म्हणलं तेवढाच अंधार कामी लावावा. ये, अशी भिंतीजवळ ये. वर तो हस्त दिसतो का, तिरप्या चौकोनाचा? त्याच्या सरळ खाली उतर. आता हात लांब करून मूठ धर. जमिनीपासून मूठभरच वर, फार तर दीड मूठ, चार चांदण्यांची फुली आहे बघ."

"ती टाकीच्या बाजूला? दिसली की. कोण हो?"

"त्रिशंकू. मे महिन्यात नऊ-साडेनऊला असाच येतो. जरा धुरळा असला की गेला."

"म्हणजे तो लटकलेला?"

"तोच, हरिश्चंद्राचा बाप. ह्याच देहानं स्वर्गात जायची हौस आली. कुलगुरू वसिष्ठ, त्यानं सरळ नाही म्हणून सांगितलं. मग गुमान घरी बसावं की नाही? हा गेला वसिष्ठाच्या पोरांकडं."

"बापानं परत केलेला अर्ज पोरांकडं!"

"मग काय होणार? पोरांनी शापच दिला, चांडाळ हो म्हणून. तसाच उठला नि गेला विश्वामित्राच्या दारात."

"वसिष्ठाचा नि त्याचा तर दावा."

"तीच तर गोम! विश्वामित्राला त्रिशंकूची माया होती असं तुला वाटतं? मला तर नाही बाई वाटत. वसिष्ठ नाही म्हणला ना, मग मी करूनच दाखवतो, एवढंच. यज्ञ मांडला, ह्याला पाठवला वर. इंद्रानं दारातूनच ढकलून दिला. खाली यायला लागला तसा विश्वामित्र ओरडला, 'थांब तिथंच!' थांबला बिचारा मधल्यामधी. मग रागारागानं दक्षिणेला नवं आभाळच मांडायला काढलं. नवे सप्तर्षी, नवी नक्षत्रं. आता इंद्रसुद्धा दुसरा करतो म्हणल्यावर देव आले धावत."

"आणि पाडलं सगळं?"

"छे! वाल्मीकींनी बालकांडात लिहिलंय की. तडजोड झाली. तारे राहू द्या, पण वैश्वानराच्या मार्गाच्या बाहेर. त्रिशंकू पण राहील, खाली डोकं वर पाय."

"अहो काकू, हे तर आपल्या लेआउटसारखंच झालं! बिनपरवान्याचे प्लॉट पाडायचे, घरं उठवायची नि मग गुंठेवारीत नियमित करून घ्यायचं."

"अगदी! 2001 चा कायदा आला तवा तुझ्या सासऱ्यांनी किती खेटे घातले, आठव. त्यांना निदान विकास शुल्क भरून सुटता आलं. विश्वामित्राला मात्र दक्षिणेत तपात विघ्न आलं म्हणून उठावं लागलं, गेला पश्चिमेला पुष्करला. प्लॉट पाडणारा गेला निघून, घेणारा बसला लटकत."

"अस्सं! आणि वसिष्ठ?"

"मागं वळ. उत्तरेला सप्तर्षी आहेत ना, त्यांच्या शेपटीचा मधला तारा. ह्या दिवसांत, ह्याच वेळेला दोघं समोरासमोर असतात, एक ह्या अंगाला, एक त्या. मधे आख्खं आभाळ आहे म्हणून बरं. वसिष्ठाला चिकटूनच अरुंधती. तुझ्या लग्नात दाखवली असेल की भटजींनी."

"दाखवली हो, दिसली कुठं? भरदुपारचं लग्न आमचं! वर बोट करून मोकळे झाले. पण काकू, आमचा सौरभ म्हणतो, त्रिशंकूचे ते तारे काही विश्वामित्रानं केलेले नाहीत. त्यातला सगळ्यात ठळक तारा सुमारे 320 प्रकाशवर्षं लांब आहे म्हणे."

"मी कुठं नाही म्हणले? म्हणजे आज दिसतो तो उजेड निघाला तवा औरंगजेब दख्खनमधेच ठाण मांडून बसलेला. अजून एक ऐक. पृथ्वीचा आस भोवऱ्यासारखा डुलतो, साधारण 26,000 वर्षांत एक फेरा. त्यामुळं पाच हजार वर्षांखाली ही फुली आपल्याकडून बरीच वर दिसायची. तवापासून खालीच सरकायली."

"म्हणजे इंद्रानं ढकललेला अजून पडायलाच की हो!"

"माझ्या बहिणीचा नातू मेलबर्नला आहे, त्याला विचारलं मी. तो म्हणला, आजी, इथं तर हा मावळतच नाही. ऑस्ट्रेलियाच्या झेंड्यावर पण आहे, न्यूझीलंडच्या पण. दक्षिण ध्रुवाभोवती फिरतो, त्यामुळं मे महिन्यात जसा दिसतो त्याच्या बरोबर उलटा नोव्हेंबरात."

"मग तिथं सहा महिने सुलटा म्हणायचा! आपल्याकडं मात्र कायम उलटाच?"

"सुलटा व्हायच्या वेळी क्षितिजाखाली जातो ना आपल्याकडं. जगात जर्मनी, भारतात परभणी म्हणतात खरं, पण ह्या बाबाला मेलबर्नच मानवलं."

"आणि म्हैस पण विश्वामित्रानंच केली म्हणतात ना?"

"म्हणतात. गाईच्या तोडीला म्हैस, माणसाच्या डोक्याच्या जागी नारळ. बघ ना, शेंडी, दोन डोळे, तोंड, सगळं आहे. एवढं केलं ह्याच्यासाठी, नि पुढं त्याच माणसानं ह्याच्या पोराला, हरिश्चंद्राला, राज्य सोडायला लावलं. डोंबाच्या घरी नोकरीला लागला बिचारा."

"अगं बाई! बापासाठी आभाळ नि पोराला स्मशान? असं का हो केलं?"

"ते लई मोठं आहे. आधी सांग, तुझा दूधवाला गाईचं म्हणून म्हशीचं घालायलाय, हे तुला कळलं का?"